“सकाळ झाली, पाणी तापवा”: वयस्कर माणसाचं वेळेचं भान अचानक सुटतं तेव्हा. वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हे प्रश्न घरच्यांकडून पुन्हा पुन्हा येतात, आणि बहुतेक रात्रीच येतात. घाईत असाल तर आधी प्रश्न ५ वाचा. बाकीचं सावकाश वाचलंत तरी चालेल.

१. आजी काल संध्याकाळपर्यंत ठीक होत्या. रात्री दोनला उठून “सकाळ झाली, पाणी तापवा” म्हणायला लागल्या. सकाळी पुन्हा बऱ्या. हे नेमकं काय आहे?

डॉक्टर याला डिलिरियम म्हणतात. आपल्याकडे जुनी माणसं “वात झाला” किंवा “भ्रम झाला” म्हणायची, वैद्य सन्निपात म्हणायचे. आजार शरीरात कुठेतरी असतो आणि त्याचा ताण मेंदूला झेपत नाही. खुणा तीन. सुरुवात अचानक होते, काही तासांत किंवा एक-दोन दिवसांत. दिवसभरात चढउतार होतो, दुपारी शहाण्यासारखं बोलणारं माणूस दिवेलागणीला बदलतं. आणि लक्ष टिकत नाही: तुमचं वाक्य पुरं व्हायच्या आत नजर दुसरीकडे जाते, बोलणं भलतीकडे वळतं. सकाळी बऱ्या दिसल्या म्हणून डॉक्टरांकडे जाणं टाळू नका. मधेच बरं दिसणं हासुद्धा या आजाराचाच भाग आहे.

२. वय ८२ आहे. म्हातारपणी असं होणारच ना?

नाही. वय झालं की नावं आठवायला वेळ लागतो, पण एका रात्रीत वेळकाळाचं भान सुटत नाही. स्मृतिभ्रंश, म्हणजे डिमेन्शिया, महिन्यामहिन्यांनी वाढतो. त्यात सुरुवातीच्या काळात लक्ष बऱ्यापैकी टिकतं आणि माणूस जागं, सावध असतं. डिलिरियम तासांत येतो. घोटाळा होतो तो दोन्ही एकत्र असतात तेव्हा. ज्यांना आधीच स्मृतिभ्रंश आहे त्यांना डिलिरियम लवकर होतो, आणि घरचे “आजार वाढला” म्हणून गप्प बसतात. “गेल्या आठवड्यात असे होते का?” एवढं एकच विचारा. उत्तर “नाही” असेल तर कारण आजच शोधायचं.

३. आधी वेळेचंच भान का जातं? माणसं तर ओळखतात.

घर समोर दिसतं, मुलीचा आवाज कानावर पडतो. वेळ मात्र कुठेच दिसत नाही, ती मेंदूला सतत मांडावी लागते. दूधवाला येऊन गेला, चहा झाला, ऊन ओट्यावर आलं, म्हणजे नऊ वाजले असतील, हा हिशोब आपण नकळत करत असतो. त्यासाठी गेल्या काही तासांतल्या गोष्टी मनात ओळीने राहाव्या लागतात. डिलिरियममध्ये लक्षच टिकत नसल्यामुळे त्या नोंदल्या जात नाहीत आणि हिशोबाला काही उरत नाही. म्हणून तुम्ही पाच मिनिटं बाहेर जाऊन आलात तरी “सकाळपासून कुठे होतीस?” असं विचारलं जातं, आणि ते अगदी मनापासून असतं.

दुसरी गोष्ट दिवस-रात्रीच्या घड्याळाची. मेंदूच्या हायपोथॅलॅमस नावाच्या भागात, डोळ्यांच्या नसा एकमेकींना ओलांडतात त्याच्या जरा वर, सुमारे २०,००० पेशींचा पुंजका आहे. त्याचा फेरा २४ तासांहून किंचित मोठा असतो, आणि सकाळच्या उजेडाने तो रोज जागेवर येतो. आजारी माणूस पडदे ओढलेल्या खोलीत दिवसभर झोपलं आणि रात्रभर ट्यूबलाइटखाली राहिलं की हे घड्याळही भरकटतं. वेळेनंतर स्थळाचं भान सुटतं. माणसांची ओळख सहसा सगळ्यात शेवटी जाते.

४. घरच्या घरी कसं तपासायचं?

डॉक्टर-नर्स वापरतात त्या चार पायऱ्यांच्या चाचणीवरून घरीही अंदाज येतो. (१) माणूस नीट जागं आहे, की पेंगतंय किंवा फार अस्वस्थ आहे? (२) वय, जन्मतारीख, आत्ता कुठे आहात आणि साल कोणतं, हे चार प्रश्न. (३) डिसेंबरपासून मागे महिने म्हणायला सांगा. निदान सात महिने बरोबर आले तर लक्ष ठीक आहे. (४) हा बदल अलीकडचा, कमीजास्त होणारा आहे का? पहिल्या किंवा चौथ्या पायरीला स्पष्ट गडबड असेल तर तेवढ्यावरच डिलिरियमचा संशय धरतात.

आपल्याकडे थोडा फेरफार करावा लागतो. शाळेत न गेलेल्या आजींना जानेवारी-डिसेंबर कधीच उलटे येत नव्हते, जन्मतारीख तर कागदावरच असते. त्यांना शनिवारपासून मागे वार म्हणायला सांगा, किंवा येत असतील तर फाल्गुन, माघ, पौष असे महिने. तारखेऐवजी नुकताच झालेला सण विचारा. तुलना त्यांच्या नेहमीच्या वागण्याशी करा. दिवसातून दोनदा, सकाळी आणि दिवे लागल्यावर, हे करून उत्तरं वेळेसकट वहीत लिहा. डॉक्टरांसमोर माणूस दहा मिनिटं अगदी ठीक बोलतं आणि मग ती वहीच कामी येते.

५. लगेच इस्पितळात कधी न्यायचं?

अचानक सुरू झालेला कुठलाही डिलिरियम त्याच दिवशी डॉक्टरांनी पाहायला हवा. मात्र पुढचं काही असेल तर सकाळची वाट पाहू नका, १०८ ला फोन करा: हाक मारूनही नीट जाग न येणं, तोंड वाकडं होणं, हात-पाय लुळा पडणं, बोलणं अडखळणं, झटका (फिट), धाप, ऑक्सिमीटरवर ९२ च्या खाली आकडा (बोट गार नसावं, नखाला रंग किंवा मेंदी नसावी), साखर ७० च्या खाली, ताप आणि मान ताठ, गेल्या काही आठवड्यांत पडणं झालं असेल, विशेषतः रक्त पातळ करणारी गोळी चालू असताना. डोक्याच्या आत हळूहळू साचणारं रक्त कधी कधी महिन्याभराने त्रास देतं, तोवर पडल्याचं सगळे विसरलेले असतात.

साखर कमी असेल आणि गिळता येत असेल तर तीन चमचे साखर पाण्यात विरघळवून द्या आणि १५ मिनिटांनी पुन्हा मोजा. अर्धवट शुद्धीत असलेल्या माणसाच्या तोंडात काहीही घालू नका, ते श्वासनलिकेत जातं.

एप्रिल-मे महिन्यात, विदर्भ-मराठवाड्यात तर खासच: अंग भाजतंय, ताप ४० अंश सेल्सिअसच्या (१०४ फॅरेनहाइटच्या) वर आणि बोलणं असंबद्ध, म्हणजे उष्माघात. गाडी येईपर्यंत कपडे सैल करा, अंगावर पाणी शिंपडून पंखा लावा, काखेत आणि जांघेत ओले फडके ठेवा. तापाच्या गोळीने हा ताप उतरत नाही.

६. कारण शोधायला सुरुवात कुठून करायची?

एकच कारण क्वचित सापडतं. सहसा तीन-चार लहान गोष्टी एकावर एक येतात. पुढची यादी वरून खाली तपासा.

औषधं: गेल्या दोन आठवड्यांत काय नवीन सुरू झालं, काय बंद झालं, कशाचा डोस बदलला (प्रश्न ७). पाणी: लघवी गडद आणि कमी, जीभ कोरडी. पोट: तीन-चार दिवस शौच नाही. हे कारण घरच्यांना किरकोळ वाटतं, पण साठलेला मळ निघाल्यावर माणूस भानावर आल्याचं वारंवार दिसतं. लघवी: सहा-आठ तास झालेली नाही आणि ओटीपोट फुगलंय, तर मूत्राशय तुंबलंय. प्रोस्टेट वाढलेल्या पुरुषांत हे नेहमीचं. दुखणं: सांगता येत नाही म्हणून अस्वस्थता दिसते, कूस बदलताना चेहरा पाहा. संसर्ग: न्यूमोनिया, लघवीचा संसर्ग, पायावरची जखम. म्हाताऱ्या माणसाला न्यूमोनियातही कधी ताप नसतो, खोकला नसतो, फक्त भान सुटतं.

इस्पितळात साधारण या तपासण्या होतात: रक्तपेशी, सोडियम-पोटॅशियम, क्रिएटिनिन, साखर, कॅल्शियम, लघवी, छातीचा एक्स-रे, ईसीजी. डोक्याचं सीटी स्कॅन प्रत्येकाला लागत नाही. पडणं, रक्त पातळ करणारी गोळी, लुळेपणा किंवा कारणच न सापडणं, अशा वेळी ते करतात.

७. कोणत्या गोळ्यांमुळे असं होतं? सर्दीची साधी गोळी तर दिली होती.

तीच असू शकते. धोतऱ्याचं फळ आपण महाशिवरात्रीला शंकराला वाहतो, पण त्याचं बी पोटात गेलं की माणूस बरळतो, हवेत काहीतरी धरायला जातो, हे गावाकडे सगळ्यांना ठाऊक आहे. धोतऱ्यातली अॅट्रोपिन आणि स्कोपोलामिन ही द्रव्यं मेंदूतल्या अॅसिटिलकोलिनचं काम अडवतात. लक्ष टिकण्यासाठी तेच द्रव्य लागतं. हाच परिणाम, सौम्य प्रमाणात, कितीतरी साध्या औषधांत असतो: सर्दी-खाजेच्या जुन्या गोळ्या (क्लोरफेनिरामाइन, फेनिरामाइन, प्रोमेथाझिन), लघवी वारंवार होते म्हणून दिलेली ऑक्सिब्युटिनिन, नसांच्या दुखण्याची अमिट्रिप्टिलिन, कंपवातासाठीची ट्रायहेक्सीफेनिडिल. एकेक गोळी पचते, दोन-तीन एकत्र आल्या की तोल जातो. तोंड कोरडं, लघवी अडलेली, बद्धकोष्ठ आणि भ्रम हे चौघे एकत्र दिसले तर आधी गोळ्यांचा डबा उघडा.

दुसरा गट झोपेच्या आणि चिंतेच्या गोळ्यांचा (अल्प्राझोलाम, लोराझेपाम, डायझेपाम, झोल्पिडेम), तिसरा ट्रॅमाडॉलसारख्या तीव्र वेदनाशामकांचा. पण एक सावधगिरी: अल्प्राझोलाम वर्षानुवर्षं चालू असेल तर ती एकदम तोडू नका. अचानक बंद केल्यानेही डिलिरियम होतो, झटके येतात. गोळ्या स्वतः कमी करण्याऐवजी सगळी पाकिटं, आयुर्वेदिक पुड्या आणि शेजाऱ्यांनी दिलेली “एक गोळी” सुद्धा, पिशवीत भरून डॉक्टरांकडे न्या.

उपासाच्या दिवशी ग्लिमेपिराइड किंवा इन्सुलिन नेहमीसारखं घेतलं आणि पोटात काही नाही, तर साखर उतरते. एकादशी करणाऱ्या मधुमेही आजी-आजोबांच्या डोसबद्दल डॉक्टरांना आदल्या आठवड्यातच विचारून ठेवा.

८. “सोडियम कमी झालंय” म्हणाले. मग मीठ जास्त घालू का?

रक्तातलं सोडियम साधारण १३५ ते १४५ असतं, ते फार उतरलं की भ्रम होतो. ते उतरण्याची नेहमीची कारणं: रक्तदाबाच्या गोळीत जोडलेलं लघवी वाढवणारं औषध (हायड्रोक्लोरोथायाझाइड, क्लोरथॅलिडोन, पाकिटावर दोन नावं असली की दुसरं वाचा), नैराश्यावरच्या काही गोळ्या, जुलाब-उलट्या, पथ्याच्या नावाखाली खाणंच तुटणं. पण हृदय किंवा मूत्रपिंड अशक्त झाल्यामुळेही सोडियम उतरतं. तिथे मीठ वाढवलं तर सूज आणि धाप वाढते. शिवाय ते फार वेगाने वर चढवलं तर मेंदूला कायमची इजा होऊ शकते. म्हणूनच इस्पितळात पुन्हा पुन्हा रक्त तपासून ते हळूहळू चढवतात. “एका दिवसात नॉर्मल करा” असा आग्रह धरू नका.

९. बाबा बडबडत नाहीत, उलट शांत पडून असतात, दिवसभर झोपतात. मग काळजी नाही ना?

याचीच काळजी जास्त. डिलिरियमचा शांत प्रकार घरीही निसटतो आणि वॉर्डातही, कारण तो कुणाला त्रास देत नाही. हाक मारल्यावर डोळे उघडतात, “हं” म्हणतात, घास तोंडात तसाच राहतो. “थकलेत, झोपू द्या” यात दोन दिवस जातात. मग पाणी कमी पडतं, पाठीला जखमा होतात, घास श्वासनलिकेत जातो. प्रश्न ४ ची चाचणी अशाच माणसांसाठी मुद्दाम करा.

१०. लघवीत जंतू सापडले. म्हणजे कारण मिळालं?

तेवढ्यावरून नाही. वयस्कर बायकांच्या आणि नळी घातलेल्या माणसांच्या लघवीत जंतू एरवीही असतात, त्यांचा त्रासही नसतो. जळजळ, ताप, ओटीपोटात दुखणं यांपैकी काही असेल तर संसर्ग मानून उपचार करतात. नाहीतर अँटिबायोटिक सुरू होतं, सगळे निश्चिंत होतात, आणि तुंबलेलं पोट किंवा नवी गोळी तशीच राहते.

११. आजची रात्र कशी काढायची?

रात्रीची तयारी सकाळी सुरू होते. सात-आठच्या सुमारास खिडकी उघडून त्यांना उजेडात बसवा, जमेल तर गॅलरीत. चष्मा पुसून डोळ्यांवर, कवळी तोंडात, कानाचं मशीन चालू. सेल संपलेला नाही ना ते पाहा. ऐकू येत नसलेल्या माणसाला भानावर आणण्याचे सगळे प्रयत्न वाया जातात. भिंतीवर मोठ्या आकड्यांचं घड्याळ आणि रोज पान फाडायचं कॅलेंडर पलंगावरून दिसेल असं लावा. बंद पडलेलं घड्याळ आधी काढा. दुपारची झोप अर्ध्या तासावर आणा. दिवसातून तीनदा खुर्चीत बसवा, आधार देऊन चालवा.

जागेपणी दर तासाला दीडशे मिली पाणी, ताक, पेज किंवा सार: दहा वेळा दिलं की दीड लिटर होतं. हृदयाच्या किंवा मूत्रपिंडाच्या रुग्णाला पाण्याची मर्यादा घालून दिली असेल तर तीच पाळा. ताठ बसवून द्या आणि नंतर अर्धा तास आडवं करू नका.

संध्याकाळी अंधारून यायच्या आधी दिवे लावा. भिंतीवरच्या सावल्यांतून माणसं दिसायला लागतात ती याच वेळी. नऊनंतर टीव्ही बंद. कोमट दूध, तळपायाला काशाच्या वाटीने तेल. मात्र उठण्याआधी तेल पुसून काढा, नाहीतर पाय घसरतो. रात्री झिरोचा बल्ब, संडासाच्या वाटेवर उजेड, पायपुसणं गुंडाळून ठेवलेलं. सोबतीला ओळखीचं एकच माणूस असावं. चार नातेवाईक आळीपाळीने “मला ओळखलंत का?” विचारत राहिले की गोंधळ वाढतो.

१२. ते वारलेल्या आईला हाका मारतात. “ती केव्हाच गेली” असं सांगू का?

सांगू नका. ती बातमी त्यांच्यासाठी आत्ताची असते, आणि दर वेळी नव्याने रडू येतं. “हो, येतेय” असं खोटंही सांगू नका, मग ते वाट पाहत जागे राहतात. समोर बसा, हात धरा, छोटी वाक्यं वापरा: “आईची आठवण येतेय ना. मी सुनीता, तुमची सून. आपण घरी आहोत. रात्रीचे दोन वाजलेत.” नाव, जागा, वेळ, एवढं शांतपणे, विचारलं नाही तरी अधूनमधून सांगत राहा. पटलं नाही तर वाद सोडा आणि विषय बदला. भिंतीवर मुंग्या दिसतात म्हणाले तर “मला दिसत नाहीत, पण मी इथेच आहे” एवढं पुरे. भीती कमी करणं हे काम आहे, चूक सिद्ध करणं नाही.

१३. झोपेची गोळी देऊ का? हात बांधून ठेवायला सांगतात.

झोपेच्या गोळीने भ्रम वाढतो (प्रश्न ७; अपवाद प्रश्न १५). माणूस स्वतःला किंवा दुसऱ्याला इजा करण्याच्या बेतात असेल आणि बाकी काही लागू पडत नसेल, तेव्हा डॉक्टर हॅलोपेरिडॉलसारखं औषध अगदी थोड्या मात्रेत, थोडेच दिवस देतात. कंपवात, म्हणजे पार्किन्सन, किंवा लुई बॉडी प्रकारचा स्मृतिभ्रंश असेल तर हे औषध घातक ठरू शकतं. विचारलं नाही तरी तुम्हीच आधी सांगा.

बांधल्याने माणूस जास्त घाबरतो, जास्त ओढतो, जखमा होतात. सलाईन किंवा नळी उपसतात म्हणून बांधलं असेल तर विचारा: “ही नळी आज खरंच लागते का?” पुष्कळदा उत्तर “नाही” असतं. लागत असेल तर बँडेज गुंडाळून झाकायला सांगा आणि हाताला धरायला रुमाल द्या.

१४. आईच्या खुब्याचं ऑपरेशन आहे. आधीच काही करता येईल?

हो, आणि इथे घरच्यांचा वाटा फार मोठा आहे. अमेरिकेतल्या येल विद्यापीठाच्या वैद्यकांनी १९९९ मध्ये सत्तरीपुढच्या ८५२ रुग्णांवरचा अभ्यास प्रसिद्ध केला. वेळ-स्थळ सांगत राहणं, लवकर चालवणं, चष्मा, कानाचं मशीन, पाणी, औषधाविना झोप, एवढ्याच गोष्टी नेटाने केल्यावर डिलिरियमचं प्रमाण शंभरात १५ वरून सुमारे १० वर आलं. यातलं बहुतेक काम पलंगाशेजारचा नातेवाईक करू शकतो.

भूलतज्ज्ञांना तीन गोष्टी लेखी द्या: आधी कधी असा भ्रम झाला होता का, चालू गोळ्यांची यादी, दारू-तंबाखू-मशेरीची सवय. दुखणं कमी करायला नसेजवळ देण्याचं इंजेक्शन शक्य आहे का, हेही विचारा; मग तीव्र वेदनाशामकं कमी लागतात. दुखणं तसंच सोसायला लावणं हा उपाय नाही, वेदनेनेही भ्रम होतो. आयसीयूत भेटीची वेळ दहाच मिनिटं असेल तरी चष्मा आणि घड्याळ आत पाठवा, आणि आज कोणता वार, किती वाजले, हे पहिल्याच वाक्यात सांगा.

१५. वडील रोज दारू घेत. ऑपरेशनसाठी ॲडमिट झाले आणि तिसऱ्या दिवशी बरळू लागले.

हे वेगळं प्रकरण आहे. शेवटच्या पेल्यानंतर साधारण दोन ते चार दिवसांत हात थरथरणं, घाम, किडे-प्राणी दिसणं आणि वेळकाळ सुटणं सुरू होतं. झटका येऊ शकतो, जीवही जाऊ शकतो. इथे लोराझेपामसारखं औषध हाच मुख्य उपचार असतो, सोबत थायमिनची इंजेक्शनं. लाजेखातर दारू लपवू नका. किती आणि किती वर्षं, ते खरं सांगा.

१६. शेजारी म्हणतात, हे बाहेरचं आहे.

आवाज बदलतो, नसलेली माणसं दिसतात, रात्रीच वाढतं. म्हणून तसं वाटणं समजण्यासारखं आहे. पण रात्री वाढण्याचं कारण प्रश्न ३ मध्ये आहे. घरी अंगारा लावून मनाला धीर येत असेल तर लावा आणि लगेच इस्पितळ गाठा. देवऋषाकडे बांधणं, मारणं, मिरच्यांची धुरी देणं हे महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे. आणि ज्याला आधीच धाप आहे त्याच्यासाठी ती धुरी जिवावर बेतते.

१७. किती दिवसांत बरं वाटेल?

कारण सापडून उपचार सुरू झाले की बहुतेकांना काही दिवसांत उतार पडतो. पूर्ण निवळायला काहींना आठवडे, क्वचित महिने लागतात. रक्ताचे आकडे सुधारल्यावरही मेंदू मागे रेंगाळतो, म्हणून घरी आल्यावर प्रश्न ११ ची शिस्त चालू ठेवा. या काळात बँकेच्या, जमिनीच्या कागदांवर सह्या घेऊ नका. एकदा डिलिरियम झालेल्यांना पुढे स्मृतिभ्रंशाचा धोका जास्त असतो. दोन-तीन महिन्यांनी स्मरणशक्ती तपासून घ्या. त्या रात्रींचं भीतिदायक काही त्यांना आठवत असेल तर हसण्यावारी नेऊ नका. “औषधाने-आजाराने तसं दिसत होतं, तुम्हाला वेड लागलं नव्हतं” हे कुणीतरी स्पष्ट सांगावं लागतं.

१८. काकांनी तीन तासांत चाळीसदा “आज कोणता वार? आपण इथे कसे आलो?” विचारलं. बाकी बोलणं-चालणं अगदी नीट. हाही डिलिरियम?

बहुधा नाही. पन्नाशी-साठीच्या पुढे क्वचित स्मृती काही तास नवं काही साठवणंच थांबवते. माणूस स्वतःचं नाव, बायको-मुलं ओळखतं, लक्षही देतं, पण मिनिटाभरात उत्तर पुसलं जातं. अचानक गार पाण्यात उतरणं, जोराचे कष्ट किंवा मोठा धक्का यानंतर हे होऊ शकतं. २४ तासांच्या आत आपोआप थांबतं आणि तेवढे तास कायमचे कोरे राहतात. तरीही लगेच इस्पितळात न्या. पक्षाघात, अपस्मार आणि साखर कमी होणं वगळल्याशिवाय हे निदान करता येत नाही.

१९. सात वर्षांचा मुलगा तापात म्हणतो, सगळे फार भराभर बोलताहेत, घड्याळ पळतंय.

मुलांना विषाणूच्या तापात किंवा अर्धशिशीत काही मिनिटं असं वाटू शकतं. हात मोठे, भिंत दूर गेल्यासारखीही दिसते. मूल सावध असेल, आपल्याला काहीतरी विचित्र वाटतंय हे त्याचं त्यालाच कळत असेल, तर घाबरू नका, पण डॉक्टरांना सांगा. गुंगी, मान ताठ, उलट्या किंवा झटका असेल तर थांबू नका.

२०. आईला न्यू जर्सीला आणलं. रात्रभर जागी, दुपारी “पहाट झाली” म्हणते. जेट लॅग की भ्रम?

भारताचं घड्याळ तिथल्यापेक्षा उन्हाळ्यात साडेनऊ, हिवाळ्यात साडेदहा तास पुढे असतं, त्यामुळे पहिले आठ-दहा दिवस झोप उलटी होणारच. फरक असा: जेट लॅगमध्ये “इथे दुपार आहे” म्हटलं की पटतं आणि उलटे वार बरोबर येतात. पटत नसेल, लक्ष टिकत नसेल, तर वेळ बदलताना गोळ्या दोनदा घेतल्या गेल्या का किंवा चुकल्या का ते आधी मोजा. विमानात पाणी आणि लघवी दोन्ही टाळलेल्या असतात, तेही पाहा.

हेच उलट बाजूनेही लागू आहे. आजारी आजी पुण्यात आणि तुम्ही तिकडे, तर व्हिडिओ कॉल त्यांच्या दिवसाउजेडी करा, आणि तुमच्या खिडकीतला अंधार दिसणार नाही असं बसा.